परिचर्येचे शिक्षण रुग्णाच्या खाटेजवळ सुरू होते

मा. संपादक महोदय,

स. न. वि. वि.

नर्सिंग महाविद्यालयांच्या वाढत्या संख्येविषयी आपल्या दैनिकात नुकताच प्रसिद्ध झालेला लेख वाचला. जागा किती वाढल्या, शुल्क किती आहे आणि परदेशात नोकरीची संधी किती, याची माहिती लेखात चांगली दिली आहे. मात्र या वाढलेल्या जागांवरील मुली प्रत्यक्ष रुग्णसेवा कोठे शिकणार, हा प्रश्न त्यात आलेला नाही. मी आधी वॉर्डात आणि नंतर ट्यूटर म्हणून नर्सिंगच्या शाळेत पस्तीस वर्षे काढली आहेत, त्यामुळे हा प्रश्न मला सर्वांत आधी सुचतो. त्याचे उत्तर शोधताना बंगळुरूच्या सेंट जॉन्स राष्ट्रीय आरोग्य विज्ञान अकादमीचा इतिहास फार उपयोगी पडतो. आपल्याकडे हे नाव वैद्यकीय प्रवेशाच्या यादीतले एक महाविद्यालय म्हणूनच माहीत असते, म्हणून त्याविषयी थोडे विस्ताराने लिहिते.

या संस्थेची गोष्ट बंगळुरूत सुरू होत नाही. तिचा एक धागा स्कॉटलंडच्या डॉ. अ‍ॅग्नेस मॅक्लॅरेन यांच्यापर्यंत जातो. त्यांच्या देशात स्त्रियांना डॉक्टर होण्याची वाट बंद असल्यामुळे त्या फ्रान्समधील माँपेलिए येथे शिकल्या आणि १८७८मध्ये डॉक्टर झाल्या. पुढे त्यांनी कॅथलिक पंथ स्वीकारला आणि वयाची सत्तरी ओलांडल्यावर रावळपिंडीत स्त्रियांसाठी रुग्णालय उभे करण्याच्या कामाला हात घातला. पडद्यात राहणाऱ्या बायका पुरुष डॉक्टरांसमोर येत नसत आणि बाळंतपणात दगावत, हे त्यांचे दुःख होते. उपाय त्यांना स्पष्ट दिसत होता. धर्मभगिनींनीच (नन) वैद्यकीय शिक्षण घ्यावे आणि या बायकांपर्यंत जावे. अडचण चर्चच्या कायद्याची होती. व्रतस्थ स्त्रियांना वैद्यकीय व्यवसाय करण्यास, विशेषतः प्रसूतीचे काम करण्यास, त्या काळी मनाई होती. डॉ. मॅक्लॅरेन यांनी रोमकडे पुन्हा पुन्हा अर्ज केले, पण १९१३मध्ये त्यांचे निधन झाले तोपर्यंत ती मनाई उठलेली नव्हती.

त्यांच्याविषयीची एक पुस्तिका १९१५मध्ये मेलबर्नमधील एका तरुण डॉक्टरच्या हाती पडली. या डॉक्टर म्हणजे मेरी ग्लोरी. त्यांचा जन्म १८८७मध्ये ऑस्ट्रेलियातील व्हिक्टोरिया प्रांतात झाला. १९१०मध्ये त्या मेलबर्न विद्यापीठाच्या वैद्यकीय पदवीधर झाल्या. शहरात त्यांचा जम बसला होता. पुस्तिका वाचली आणि भारतात जायचे हे त्यांनी मनाशी ठरवून टाकले. त्यानंतर पाच वर्षे त्यांनी तयारी केली. याच काळात स्त्रियांच्या एका मोठ्या कॅथलिक संघटनेच्या त्या पहिल्या अध्यक्षही झाल्या. त्या काळात प्रसूतिशास्त्र, स्त्रीरोग आणि नेत्ररोग या विषयांत उच्च पदवी घेतली आणि १९२०च्या आरंभी बोटीने निघून आंध्रातील गुंटूर गाठले. तेथे ‘जीझस, मेरी, जोसेफ’ या धर्मसंघात प्रवेश करून त्या सिस्टर मेरी ऑफ द सेक्रेड हार्ट झाल्या. पोप पंधरावे बेनेडिक्ट यांनी खास परवानगी दिल्यामुळे व्रतस्थ असूनही त्यांना डॉक्टर म्हणून काम करता आले. सर्वांसाठीची मनाई ११ फेब्रुवारी १९३६ रोजी उठली. ती उठावी म्हणून मेडिकल मिशन सिस्टर्स या संघाच्या संस्थापक डॉ. अ‍ॅना डेंगल यांनीही फार झटून प्रयत्न केले होते. त्या स्वतः रावळपिंडीच्या त्याच रुग्णालयात काम करून गेल्या होत्या.

गुंटूरमध्ये सिस्टर मेरी यांनी जे केले, ते मला एक परिचारिका म्हणून सर्वांत महत्त्वाचे वाटते. एकटी डॉक्टर हजारो रुग्णांना पुरी पडणार नाही, हे त्यांना लवकरच कळले. म्हणून त्यांनी तिथल्याच मुलींना हाताशी धरून औषधे तयार करणारी, सुईण, परिचारिका अशा कामांत तयार केले. या मुलींचे शिक्षण रुग्ण तपासता तपासता, दवाखान्यातच झाले. पुढे तिथे सेंट जोसेफ रुग्णालय उभे राहिले. आधी रुग्ण आले, त्यांच्यासाठी शिकवणे सुरू झाले आणि इमारती त्यानंतर आल्या, हा क्रम मी मुद्दाम अधोरेखित करते. १९४३मध्ये त्यांनी मूठभर धर्मभगिनींना एकत्र आणून कॅथलिक रुग्णालयांची देशव्यापी संघटना स्थापन केली. साडेतीन हजारांहून अधिक संस्था आज तिच्या छत्राखाली आहेत. देशात एक कॅथलिक वैद्यकीय महाविद्यालय असावे, हा विचारही या संघटनेत त्यांनीच लावून धरला. ५ मे १९५७ रोजी बंगळुरूमध्ये कर्करोगाने त्यांचे निधन झाले, तेव्हा ते महाविद्यालय उभे राहिलेले नव्हते.

सहा वर्षांनी, १९६३मध्ये, भारतातील कॅथलिक बिशपांच्या परिषदेने सेंट जॉन्स वैद्यकीय महाविद्यालय सुरू केले. त्याच्याशी आपल्या मुंबईचाही संबंध आहे, हे फारसे कोणाला ठाऊक नसते. १९६४च्या अखेरीस मुंबईत आंतरराष्ट्रीय युकॅरिस्टिक काँग्रेस, म्हणजे जगभरातील कॅथलिकांचे धार्मिक अधिवेशन, भरली आणि पोप सहावे पॉल तिला उपस्थित राहिले. पोप भारतात येण्याची ती पहिलीच वेळ होती. त्या अधिवेशनाचे जिवंत स्मारक म्हणून हे महाविद्यालय अर्पण करण्यात आले. मंडप उतरल्यावर मागे पुतळा किंवा स्तंभ उभारण्याऐवजी शिक्षणाची आणि शुश्रूषेची जागा उभी करावी, हा निर्णय मला आजही फार मोलाचा वाटतो. संस्थेचे ब्रीद योहानाच्या शुभवर्तमानातले आहे: ‘तो माझ्यामुळे जगेल’. श्रद्धावंतांसाठी त्याचा अर्थ वेगळा आणि खोल आहे. रात्रपाळीला बसलेल्या कोणत्याही धर्माच्या परिचारिकेला मात्र ते शब्द अगदी सरळ अर्थाने लागू पडतात.

सुरुवातीला महाविद्यालयाकडे स्वतःचे रुग्णालय नव्हते. तरीही पहिल्या तुकड्यांना वर्गात बसवून ठेवले नाही. गुड शेफर्ड धर्मभगिनींनी १८८६मध्ये सुरू केलेल्या बंगळुरूच्याच सेंट मार्था रुग्णालयात ते विद्यार्थी रुग्णांजवळ शिकले. शंभरीकडे निघालेल्या, रुग्णांनी भरलेल्या एका रुग्णालयाने नव्या महाविद्यालयाला आधार दिला. १९७५मध्ये सेंट जॉन्सचे स्वतःचे रुग्णालय कोरमंगला येथे सुरू झाले आणि आज तेथे हजाराहून अधिक खाटा आहेत. कायद्याने ही संस्था स्वतंत्र विद्यापीठ नाही. तिच्या पदव्या राजीव गांधी आरोग्य विज्ञान विद्यापीठाच्या आहेत. व्याप मात्र विद्यापीठाला शोभेल असा आहे. एकाच आवारात वैद्यकीय महाविद्यालय, नर्सिंग महाविद्यालय, रुग्णालय आणि २००४मध्ये सुरू झालेली संशोधन संस्था आहे, शिवाय प्रयोगशाळा, क्ष-किरण, डायलिसिस अशा तंत्रज्ञांचे अभ्यासक्रमही चालतात. नर्सिंगमध्ये चार वर्षांची बी.एस्सी. आहे, आधीच नोकरीत असलेल्या डिप्लोमाधारक परिचारिकांसाठी दोन वर्षांचा पोस्ट बेसिक अभ्यासक्रम आहे आणि पुढे एम.एस्सी. आहे. यांपैकी पोस्ट बेसिकविषयी मला विशेष आस्था आहे. दहा-बारा वर्षे वॉर्डात राबलेली सिस्टर जेव्हा पुन्हा वर्गात येऊन बसते, तेव्हा तिचे प्रश्न ऐकून शिकवणाऱ्यालाच घरी जाऊन पुस्तक उघडावे लागते, हा माझा स्वतःचा अनुभव आहे.

या इतिहासात मला एक खंतही जाणवते आणि ती झाकून ठेवणे योग्य होणार नाही. डॉक्टरांचे महाविद्यालय १९६३मध्ये आले, नर्सिंगचे शिक्षण मात्र तिथे ऐंशीच्या दशकात उभे राहिले, आधी शाळा म्हणून आणि नंतर महाविद्यालय म्हणून. गुंटूरच्या दवाखान्यात डॉक्टर स्वतः परिचारिकांना रुग्णांजवळच शिकवत होत्या, हे लक्षात घेतले तर हे अंतर खटकते. अर्थात हा दोष एका संस्थेचा नाही, सगळ्या देशाचाच तो स्वभाव आहे. देशाच्या आरोग्यव्यवस्थेची पाहणी करणाऱ्या भोर समितीने १९४६च्या आपल्या अहवालात लिहून ठेवले होते की, देशात सुमारे ६,३०० लोकांमागे एक डॉक्टर आहे आणि ४३,००० लोकांमागे एक परिचारिका. म्हणजे परिचारिकांची तूट डॉक्टरांपेक्षा कितीतरी मोठी होती. तरीसुद्धा स्वातंत्र्यानंतर नवे वैद्यकीय महाविद्यालय निघाले की उद्घाटनाला मंत्री येत आणि नर्सिंगची शाळा निघाली की मेट्रन, म्हणजे रुग्णालयाची मुख्य परिचारिका, फीत कापत असे. निदान माझ्या नोकरीच्या काळात मी तरी हेच पाहिले.

सेंट जॉन्सचे जे काम मला आपल्या राज्यात जसेच्या तसे व्हावेसे वाटते, ते रुग्णालयाच्या बाहेरचे आहे. १९७३मध्ये त्या वेळच्या कोलार जिल्ह्यातील मल्लूर या गावात एक आरोग्य सहकारी योजना सुरू झाली. गावात दूध उत्पादकांची सहकारी संस्था होती. सभासद जे दूध घालत, त्यातल्या दर लिटरमागे काही पैसे आरोग्यासाठी बाजूला काढायचे आणि त्या निधीतून गावातच दवाखाना चालवायचा, डॉक्टर आणि परिचारिका सेंट जॉन्सच्या सामाजिक आरोग्य विभागाने पुरवायच्या, अशी ती कल्पना होती. सहकाराच्या आपल्या महाराष्ट्राला यातले वेगळेपण समजावून सांगायला नको. दूध घालायला आलेली बाई त्याच फेरीत मुलाचे वजन करून घेते, याचा अर्थ काय हे ज्यांनी लसीकरणासाठी दारोदार पायपीट केली आहे, त्यांना बरोबर कळेल. पुढे बंगळुरूजवळच्या मुगळूर येथे संस्थेचे ग्रामीण केंद्र आले. पहिल्याच वर्षी वैद्यकीय विद्यार्थ्यांना काही दिवस खेड्यात राहायला नेण्याची आणि पदवीनंतर ठरावीक काळ दुर्गम भागात सेवा करण्याची रीत या संस्थेने पाळली आहे. तिथून बाहेर पडलेले अनेक जण झारखंड, ओडिशा, ईशान्य भारत अशा भागांतील छोट्या मिशन रुग्णालयांत जातात, जिथे दुसरा डॉक्टर साठ-सत्तर किलोमीटरवर असतो.

माझे स्वतःचे शिक्षण सत्तरच्या दशकात धर्मभगिनी चालवीत असलेल्या एका लहान नर्सिंग शाळेत झाले. मी ख्रिस्ती नाही आणि आमच्या तुकडीतल्या निम्म्याहून अधिक मुलीही नव्हत्या. शाळेच्या पहिल्या महिन्यातली एक सकाळ मी अजून विसरलेले नाही. आमच्या सिस्टर ट्यूटरनी प्रत्येकीला एकेका खाटेवर उताणे झोपायला सांगितले. खाली मॅकिंटॉश (रबरी कापड), त्यावर ड्रॉ शीट (आडवी छोटी चादर), चादरीचे कोपरे पाकिटासारखे दुमडलेले, सगळे अगदी नियमाप्रमाणे होते. दोन तास हलायचे नाही, बोलायचे नाही आणि कुस बदलायची नाही, एवढीच सूचना होती. पहिल्या अर्ध्या तासात आम्ही हसत होतो. मग टाचा दुखू लागल्या, त्यानंतर माकडहाड, मग खांद्याच्या पात्या, शेवटी डोक्याचा मागचा भाग. एका मुलीच्या चादरीला कंबरेखाली जराशी चुणी पडली होती, तिला उठल्यावर पाठीवर लाल रेघ दिसली. सिस्टर फळ्याकडे गेल्या नाहीत. त्यांनी आम्हाला तशाच वॉर्डात नेले आणि खुब्याचे हाड मोडलेल्या एका आजोबांना दर दोन तासांनी कुशीवर कसे वळवायचे ते दाखवले. दाबामुळे होणाऱ्या जखमांवरचे प्रकरण पुस्तकात मी नंतर वाचले, पण ते मला त्या सकाळीच कळले होते.

याच्या अगदी उलट अनुभव मी निवृत्तीच्या काही वर्षे आधी घेतला. एका नव्या नर्सिंग महाविद्यालयात (नाव लिहिणे उचित नाही) बाह्य परीक्षक म्हणून गेले होते. रुग्णालयाची पाटी मोठी होती. वॉर्डात चादरी इस्त्रीच्या, खाटा भरलेल्या. पण रुग्णांच्या पायांना शेतातली ताजी माती लागलेली होती आणि कोणाच्याही उशाशी पाण्याचा तांब्या किंवा नातेवाइकाची पिशवी नव्हती. मी खाटांवर लावलेले टीपीआर चार्ट, म्हणजे तापमान, नाडी आणि श्वास यांच्या नोंदींचे कागद, पाहिले. चार दिवसांचे तापमान सगळ्यांचे ९८.४, एकाच पेनाने आणि एकाच अक्षरात लिहिलेले. ज्याच्या कागदावर तापाचे निदान होते, त्याचेसुद्धा ९८.४. परीक्षेला बसलेल्या मुलीला मी एका माणसाची नाडी मोजायला सांगितली. तिने मनगटाच्या चुकीच्या बाजूला बोटे ठेवली आणि घड्याळाकडे पाहत राहिली. मी तिचा हात धरून योग्य जागेवर ठेवला, तेव्हा तिच्या डोळ्यांत पाणी आले. हळू आवाजात ती म्हणाली, “मॅडम, खरा पेशंट मला आजच मिळाला.” ती तिसऱ्या वर्षाला होती. तिच्या वडिलांनी जमिनीचा तुकडा विकून शुल्क भरले होते, हे मला नंतर कळले. त्या मुलीला मी नापास केले. तिच्यावर अन्याय मी केला की आम्ही सगळ्यांनी मिळून केला, याचा विचार माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

नियमच नाहीत, असे मुळीच नाही. बी.एस्सी. नर्सिंगच्या महाविद्यालयाला किमान शंभर खाटांचे स्वतःचे रुग्णालय हवे, सरासरी ७५ टक्के खाटा भरलेल्या असाव्यात आणि प्रत्येक विद्यार्थिनीमागे तीन रुग्ण असावेत, असे भारतीय परिचर्या परिषदेचे निकष सांगतात. २०२३च्या केंद्रीय अर्थसंकल्पात २०१४नंतर सुरू झालेल्या १५७ वैद्यकीय महाविद्यालयांच्या आवारातच १५७ नर्सिंग महाविद्यालये काढण्याची घोषणा झाली आणि त्यासाठी १,५७० कोटी रुपयांना मंत्रिमंडळाने मंजुरी दिली. भरलेल्या रुग्णालयाला जोडूनच नर्सिंग शिकवायचे हे सूत्र त्यात मान्य झाले आहे, ही समाधानाची गोष्ट आहे. त्याच वर्षी १९४७च्या जुन्या कायद्याची जागा घेणारा राष्ट्रीय परिचर्या व प्रसविका आयोगाचा कायदाही संमत झाला. पण खाटा भरलेल्या आहेत की भरवलेल्या आहेत, हे कायद्याच्या कलमाला कळत नाही. ते चादरीवर हात फिरवून पाहणाऱ्यालाच कळते.

कॅथलिक संस्थांचे उदाहरण दिले की दोन आक्षेप हमखास येतात, म्हणून त्यांविषयीही लिहिते. पहिला आक्षेप धर्माचा. सेंट जॉन्समध्ये कॅथलिक विद्यार्थ्यांसाठी आणि धर्मभगिनींसाठी जागा राखीव असतात हे खरे आहे, आणि अल्पसंख्याक संस्थेला तो अधिकार राज्यघटनेने दिला आहे. वॉर्डात मात्र मी आजवर कोणाची जात किंवा धर्म पाहून बेडपॅन दिलेला पाहिलेला नाही, ना धर्मभगिनींनी, ना आम्ही. आणखी एक गोष्ट विसरता कामा नये. रक्त, विष्ठा आणि पू यांना हात लावणे हे हलके काम आहे, असे मानून आपल्याकडची सुशिक्षित घरे जेव्हा मुलींना नर्सिंगला पाठवायला तयार नव्हती, तेव्हा हा पेशा मोठ्या प्रमाणावर ख्रिस्ती मुलींनी सांभाळला. त्याचे ऋण मान्य करायला कोणाचा धर्म आड येण्याचे कारण नाही.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि तो मला मान्य आहे. ‘सेवा’ हा शब्द परिचारिकेचा पगार कमी ठेवण्यासाठी वापरला गेला आहे, आणि तो मिशनच्या रुग्णालयांतही वापरला गेला. केरळमधील खासगी रुग्णालयांच्या परिचारिका २०१७मध्ये वेतनासाठी रस्त्यावर उतरल्या, त्यांत चर्चच्या रुग्णालयांतील परिचारिकाही होत्या. सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशानुसार नेमलेल्या समितीने त्याआधीच, २०१६मध्ये, पन्नासपेक्षा कमी खाटांच्या खासगी रुग्णालयातही परिचारिकेला दरमहा २०,००० रुपयांपेक्षा कमी वेतन असू नये, अशी शिफारस केली होती. धर्मभगिनीने गरिबीचे व्रत स्वतःच्या इच्छेने घेतलेले असते. तिच्या हाताखाली काम करणाऱ्या, घरी दोन मुले आणि आजारी सासू असलेल्या परिचारिकेने ते घेतलेले नसते. सिस्टर मेरी ग्लोरी यांचा वारसा सांगणाऱ्या प्रत्येक संस्थेने हा फरक वेतनपत्रकात दाखवला पाहिजे.

आता माझी विनंती. प्रवेशाच्या दिवसांत आपले दैनिक शिक्षणविषयक पुरवणी काढते आणि तीत महाविद्यालयांच्या जाहिरातीही असतात. त्या पुरवणीत राज्यातील प्रत्येक नर्सिंग महाविद्यालयाच्या नावापुढे चार गोष्टी छापाव्यात: संलग्न रुग्णालयाचे नाव व अंतर, गेल्या वर्षभरात तिथे सरासरी किती खाटा भरलेल्या होत्या, वर्षात किती बाळंतपणे झाली आणि पूर्णवेळ शिकवणाऱ्या ट्यूटर किती आहेत. सरकारी संस्थांकडून ही माहिती माहितीच्या अधिकारात मागता येते. खासगी महाविद्यालयांना आपल्या वार्ताहराने विचारावे, आणि ज्यांनी उत्तर दिले नाही त्यांच्यापुढची जागा कोरी ठेवावी. आमच्या काही निवृत्त ट्यूटर या कामासाठी आपापल्या जिल्ह्यातील रुग्णालयांत जाऊन पाहण्यास तयार आहेत. प्रवासखर्चही आम्ही आमचाच करू. आपण होकार कळवल्यास पुढच्याच आठवड्यात मी जिल्हानिहाय यादी पाठवते.

आपली विश्वासू,
एक निवृत्त नर्सिंग ट्यूटर